चौदा कलमं, निरंक

प्रति,
पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंतच्या किनारपट्टीवरील सर्व कार्यालयप्रमुख

विषय : मा. न्यायालयाच्या आदेशांचे अनुपालन विहित मुदतीत करणेबाबत

महोदय / महोदया,

विषयाची ओळ वाचून हा कागद कुठल्या टेबलावर जाणार ते मला ठाऊक आहे. असल्या विषयाची पत्रं मी महसूल खात्यात ३१ वर्षं हाताळली. २०१४ साली अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो. तेव्हा ‘योग्य त्या कार्यवाहीस्तव’ असा शेरा मारून हे पत्र खाली सरकवू नका, एवढी पहिली विनंती. तो शेरा मीच हजारो वेळा मारला आहे आणि त्याचा अर्थ काय होतो हे आपल्या दोघांनाही माहीत आहे.

माझं गाव देवगड तालुक्यात. २०१० साली गावातून जाणारा रस्ता रुंद झाला. त्यात माझ्या थोरल्या भावाच्या वाट्याची अकरा गुंठे जागा आणि हापूसची चौदा कलमं गेली. भूसंपादनाची नोटीस नाही, मोजणी नाही, मोबदला नाही. जेसीबी आला आणि दोन दिवसांत काम झालं. ‘पैसे मिळतील, प्रस्ताव पाठवलाय’ या वाक्यावर भावाने सात वर्षं काढली आणि शेवटी २०१७ मध्ये उच्च न्यायालयात रिट याचिका केली. दुसऱ्या वर्षी तो गेला. याचिका वहिनीच्या नावाने पुढे चालली. जून २०२२ मध्ये निकाल लागला : प्रत मिळाल्यापासून सहा महिन्यांच्या आत संयुक्त मोजणी करून, कायद्याप्रमाणे संपादन करून निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा हुकूम, जाहीर करा. निकाल लागायला पाच वर्षं लागली याबद्दल आज माझी तक्रार नाही. तक्रार त्यानंतरच्या काळाची आहे.

११ जुलै २०२२ रोजी मी स्वतः सही-शिक्क्याची नक्कल घेऊन संबंधित कार्यालयात गेलो. आवक शाखेतल्या मुलीने शिक्का मारला, पोच दिली. मुदत जानेवारी २०२३ मध्ये संपत होती. त्या सहा महिन्यांत काय झालं? काहीच नाही. कुणी मुद्दाम अडवलं असंही नाही. तो कागद फक्त कुणाचाच झाला नाही.

कसं होतं ते मी सांगतो, कारण बाहेरच्या माणसाला ते दिसत नाही. कोर्टाचा आदेश आला की त्याला आवक क्रमांक पडतो आणि तो न्यायालयीन बाबी बघणाऱ्या संकलनाकडे, म्हणजे टेबलाकडे, जातो. तिथल्या कारकुनाकडे आणखी दोन टेबलांचा अतिरिक्त कार्यभार असतो. तो नस्ती, म्हणजे फाईल, उघडतो आणि टिप्पणी लिहितो : ‘सदर आदेशाविरुद्ध अपील करावे किंवा कसे, याबाबत सरकारी वकील यांचे अभिप्राय घेणे उचित राहील.’ हे ‘किंवा कसे’ फार सोयीचं आहे. ते लिहिलं की निर्णय न घेताच नस्ती पुढे सरकते. अभिप्राय येईपर्यंत तीन महिने जातात. मग विधी व न्याय विभाग, मग खात्याचा अभिप्राय, मग ‘त्रुटींची पूर्तता करून फेरसादर करावे’. तोवर सहा महिने संपलेले असतात आणि अपिलाची मुदतही. मग विलंब माफीचा अर्ज. सरकारी यंत्रणेच्या संथपणाला मुदतीच्या कायद्यात वेगळी सवलत मिळणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली टपाल खात्याच्या एका प्रकरणात बजावलं. तिथे विलंब होता ४२७ दिवसांचा.

आणि अपील केलं म्हणजे आदेश थांबला, हा जो समज कार्यालयांत घट्ट बसलेला आहे, तो साफ चुकीचा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेत, आदेश ४१ नियम ५ मध्ये, सरळ लिहिलंय की नुसत्या अपिलाने स्थगिती मिळत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती कोर्टाने द्यावी लागते. ती नसेल तर मूळ आदेश जिवंत आहे, रोज.

मी साळसूदपणे बोलतोय असं वाटू नये म्हणून एक गोष्ट सांगून टाकतो. १९९९ च्या सुमारास मालवणकडच्या एका म्हाताऱ्या कुळाच्या बाजूने महसूल न्यायाधिकरणाचा निकाल लागला होता. त्याचं नाव सातबारावर चढवायचं, एवढंच काम. समोरचा जमीनदार वजनदार होता आणि साहेबांनी तोंडी सांगितलं होतं, ‘बघू, घाई नको.’ ती नस्ती मी चौदा महिने कपाटात ठेवली. म्हातारा दर मंगळवारी यायचा. बाहेरच्या बाकावर छत्री मांडीवर आडवी ठेवून बसायचा. ‘साहेब दौऱ्यावर आहेत’ म्हटलं की ‘बरां’ म्हणून उठायचा. एकदा त्याने माझ्यासाठी फडक्यात बांधून ओले काजूगर आणले, ते मी घेतले. मग तो यायचा थांबला. फेरफार झाला तो वारसांच्या नावाने. लेखी हुकूम कोर्टाचा होता आणि तोंडी साहेबांचा, आणि मी पाळला तोंडी. तो अवमान होता हे मला तेव्हा शब्दानेही सुचलं नाही.

कायद्यात मात्र तो शब्द स्वच्छ आहे. न्यायालयाच्या अवमानाचा कायदा १९७१ चा. त्यातलं कलम २ म्हणतं, न्यायालयाच्या निर्णयाची, हुकूमनाम्याची, आदेशाची जाणूनबुजून अवज्ञा किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा जाणूनबुजून भंग म्हणजे दिवाणी अवमान. वर्तमानपत्रात न्यायाधीशांबद्दल कुणी वाकडं लिहिलं की गाजतो तो दुसरा, फौजदारी अवमान. दिवाणी अवमान गाजत नाही. तो कपाटात होतो. शिक्षा कलम १२ मध्ये : सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दोन हजार हा आकडा १९७१ चा आहे आणि आजही तोच आहे. मार्चमध्ये देवगड हापूसची पहिली पेटी दोन हजारांत कुणी मला आणून दाखवावी.

पण मोठी मेख कलम २० मध्ये आहे आणि ती गावच्या माणसाला कुणी सांगत नाही. अवमान झाल्या तारखेपासून एक वर्षाच्या आत कारवाई सुरू व्हायला हवी. म्हणजे आमच्या बाबतीत जानेवारी २०२४ पर्यंत. तोवर तुमच्या कार्यालयांतून ‘कार्यवाही सुरू आहे’, ‘प्रस्ताव अंतिम टप्प्यात आहे’ अशी गोड उत्तरं येत राहतात. गरीब माणूस विश्वासाने थांबतो. सरकारशी भांडायचं कशाला, होईल म्हणालेत ना. वर्ष उलटतं आणि त्याच्या हातातलं एकमेव हत्यार बोथट होतं. चार स्मरणपत्रं घालून मीही वहिनीला ‘थांबूया’ म्हणालो होतो. माझ्यासारखा खात्यात केस पांढरे केलेला माणूस! वकिलांनी झापलं तेव्हा डिसेंबर २०२३ मध्ये, मुदत संपायला महिनाही उरला नसताना, अवमान याचिका दाखल झाली.

आणि मग चमत्कार. दोन वर्षं न हललेली नस्ती नोटीस निघाल्यावर पंधरा दिवसांत हलली. जुलै २०२४ मध्ये सुनावणीच्या तीन दिवस आधी, धो धो पावसात, संयुक्त मोजणीला माणसं आली. भूमी अभिलेखचा भूकरमापक, बांधकामचा शाखा अभियंता, तलाठी, कोतवाल आणि एक कृषी सहायक. रोव्हरच्या, म्हणजे मोजणीच्या उपग्रह-यंत्राच्या, खांबाला प्लास्टिकची पिशवी गुंडाळलेली. जागेची मोजणी अर्ध्या तासात झाली. मग झाडांचा पंचनामा. तरुण अभियंता वहिनीला अगदी अदबीने म्हणाला, “आजी, झाडं दाखवा.”

रस्त्यावर डांबर होतं. चौदा वर्षांचं.

वहिनीने पदर डोक्यावर घेतला आणि छत्री न घेता रस्त्यावर उतरली. “ह्या मैलाच्या धोंड्याखाली एक. हयसर गोठ्याकडला. थयसर वाकडा, तेका सगळ्यांच्या आधी मोहर येय.” अशी ती चालत गेली आणि एकेका जागेवर पाय ठेवून उभी राहिली. चौदाच्या चौदा. मागून एसटी आली, ड्रायव्हरने हॉर्न वाजवला, मग प्रकार बघून गाडी बंद करून थांबला. कृषी सहायकाने पंचनाम्याच्या कागदावर काय लिहिलं ते शाई पसरल्यामुळे मला वाचता आलं नाही. मी १९९८ चा सातबारा पुढे केला. गाव नमुना बारामध्ये चौदा आंबा कलमांची नोंद आहे. “जोडू ना, काका,” तो म्हणाला.

सुनावणीत प्रतिज्ञापत्र दाखल झालं. बिनशर्त माफी. ‘मा. न्यायालयाच्या आदेशाची अवज्ञा करण्याचा प्रतिवादीचा स्वप्नातही हेतू नव्हता.’ हा मजकूर मला पाठ आहे, कारण आमच्या काळी त्याचा मसुदा टंकलेखकाच्या खणात तयार असायचा, फक्त नाव आणि तारीख बदलायची. मग आणखी चार महिने, मग पुन्हा चार. मधे अधिकारी बदलले. नव्यांचं प्रतिज्ञापत्र : ‘मी नुकताच रुजू झालो आहे.’ खुर्चीवरची माणसं तीन झाली. आदेश एकच राहिला आणि तो तिघांनाही लागू होता.

आपल्यापैकी काहींना २००६ चा मे महिना आठवत असेल. तत्कालीन मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव राहिलेले अशोक खोत या दोघांना सर्वोच्च न्यायालयाने अवमानाबद्दल एक महिन्याची कैद सुनावली. बंदी असताना लाकूडकापीच्या गिरण्यांना परवानगी दिली, हे कारण. मी तेव्हा नोकरीत होतो. त्या आठवड्यात आमच्या कार्यालयात कोर्टाच्या सगळ्या नस्त्या कपाटाबाहेर आल्या, टेबलांवर गठ्ठे लागले, साहेब रात्री आठपर्यंत बसले. चहावाल्याचा धंदा दुप्पट झाला. पाऊस सुरू होईपर्यंत गठ्ठे परत कपाटात. अगदी अलीकडे, मे २०२५ मध्ये, आंध्रातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला उच्च न्यायालयाचा आदेश धुडकावून झोपड्या पाडल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने तहसीलदार पदावर उतरवलं. ही बातमी तुमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरली असणार. पण त्याहून जास्त फिरला असेल जानेवारी २०२४ चा निर्णय, की सरकारी अधिकाऱ्यांना ऊठसूट कोर्टात हजर राहायला बोलावू नये, आधी व्हिडिओ कॉन्फरन्सची संधी द्यावी. तो निर्णय योग्यच आहे. जिल्ह्याचा अधिकारी एका तारखेसाठी दोन दिवस मुंबईत अडकला तर इथली कामं तुंबतात. माझं म्हणणं इतकंच, की त्या निकालाची प्रत ज्या वेगाने तुमच्यापर्यंत पोहोचली त्याच वेगाने आमच्याही पोहोचाव्यात.

तुमची बाजू मला कळत नाही असं समजू नका. पदं रिक्त आहेत. आदेश तुमच्या नावे असतो आणि निधी मंत्रालयातून यायचा असतो. पावसाळ्यात निम्मा कर्मचारीवर्ग आपत्ती व्यवस्थापनाला, उरलेला कुठल्या ना कुठल्या निवडणुकीला. सहा महिन्यांत संपादन पुरं होत नाही, हे मीही मान्य करतो. पण मग तसं कोर्टाला सांगा ना! मुदत संपण्याआधी सांगा. दोन पानी अर्ज : इतकं काम झालं, इतकं राहिलं, निधीची मागणी अमुक तारखेला केली, आणखी चार महिने द्यावेत. असा अर्ज वेळेत गेला की अवमानाचा प्रश्नच उरत नाही, आणि समोरच्या म्हातारीला निदान कळतं की तिचा कागद जिवंत आहे. ३१ वर्षांत मी असा, मुदतीच्या आत केलेला अर्ज किती वेळा पाहिला? एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतका, आणि त्यातली दोन बोटं एकाच साहेबांची. ते साहेब भिंतीवर कॅलेंडर लावायचे आणि कोर्टाच्या मुदतींवर लाल गोल करायचे. आम्ही हसायचो त्यांना.

त्या लाल गोलाच्या पलीकडे मला फारसं काही मागायचं नाही. आदेश आवक झाला त्या दिवशीच त्याच्या शेवटच्या तारखेची नोंद करा. कुठला अधिकारी जबाबदार, त्याचं पदनाम त्यापुढे लिहा. बदली झाली तर कार्यभार देताना अशा आदेशांची वेगळी यादी द्या, म्हणजे ‘नुकताच रुजू झालो’ म्हणायची वेळ येणार नाही. आणि ही यादी सूचना फलकावर लावा. तिथे सध्या २०१९ च्या मतदार जागृतीचं पोस्टर आहे, ते काढलं तर जागा होईल.

हे परोपकार म्हणून करू नका, हिशोब म्हणून करा. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात कलम ८० आहे. ताबा घेतला आणि पैसे दिले नाहीत, तर पहिल्या वर्षी नऊ टक्के आणि त्यानंतर दरसाल पंधरा टक्के व्याज. पंधरा टक्के! माझ्या मुदत ठेवीला बँक त्याच्या निम्म्याने देते. नस्ती कपाटात ठेवण्याचं भाडं म्हणजे हे व्याज, आणि ते जातं तुमच्या-माझ्या करातून. आणि ताबा जुना झाला म्हणून हक्क संपत नाही. हिमाचल प्रदेशातल्या विद्या देवी या ऐंशी वर्षांच्या निरक्षर बाईंची जमीन १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी गेली होती. सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली त्यांना मोबदला द्यायला लावला आणि सरकारला नागरिकाच्याच जमिनीवर प्रतिकूल ताब्याचा, म्हणजे ताबा जुना म्हणून मालकीचा, दावा करता येणार नाही असं ठणकावलं.

आमच्याकडे दिवाणी दाव्यात एक म्हण झाली आहे, दावा बापाने जिंकावा आणि दरखास्त नातवाने चालवावी. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी करतात ती दरखास्त. हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हातात आल्यावर सुरू होतात, हे प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्ये लिहून ठेवलंय. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या माहितीनुसार देशभरात अशा आठ लाख ऐंशी हजारांहून अधिक दरखास्ती पडून होत्या. तो विषय वेगळा. पण तिथे निदान समोरचा भाऊबंद असतो, बांध कोरणारा शेजारी असतो. त्याने आदेश पाळला नाही तर माणूस समजू शकतो. सरकारनेच पाळला नाही तर बेलिफ कुणाच्या दारात पाठवायचा?

आता शेवटचा भाग. ऑगस्ट २०२५ मध्ये उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालं आणि रत्नागिरी-सिंधुदुर्गाची प्रकरणं तिकडे गेली. वहिनीला त्याचं केवढं कौतुक. पूर्वी कोकणकन्या पकडून रात्रभर बसून मुंबई, पहाटे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसवर बाकावर आंबोळी खायची आणि अकराची वाट बघायची. आता पहाटे निघून फोंडा घाट चढला, राधानगरी मागे टाकली की वेळेत कोल्हापूर. नोव्हेंबरमधल्या तारखेला आम्ही दोघं गेलो. तारखेच्या दोन दिवस आधी निवाडा जाहीर झाला होता. म्हणजे सहा महिन्यांचं काम तीन वर्षं चार महिन्यांनी. जमिनीचे पैसे खात्यात जमा झाले, हे मी प्रामाणिकपणे नोंदवतो. सरकारी वकिलांनी अनुपालन झाल्याचं सांगितलं आणि याचिका निकाली निघाली. दहा मिनिटंही लागली नाहीत.

निवाड्याची प्रत मी परतीच्या वाटेवर, घाट उतरण्याआधी चहाला थांबलो तिथे वाचली. जमीन ०.११.०० हेक्टर आर. बांधकामे, निरंक. विहिरी, निरंक. झाडे, निरंक. प्रत्यक्ष स्थळपाहणीत झाडे आढळून आली नाहीत, असं खाली कारण.

“निरंक म्हंजे काय ओ, भावजी?” वहिनीने विचारलं.

मी सांगितलं. ती काही बोलली नाही. चहा गार झाला तो तिने तसाच बशीत ओतून प्याला.

वकिलांना फोन केला. ते म्हणाले, आता हा अवमान नाही. कोर्टाने निवाडा करा म्हटलं, त्यांनी केला. तो चुकला असेल तर ते नवं कारण, नवा अर्ज. सर्वोच्च न्यायालयाचा १९९६ चा निकाल आहे तसा. कायदा म्हणून ते बरोबरच आहे. वहिनी चौऱ्याहत्तर वर्षांची आहे.

तर भूसंपादन कायद्याच्या कलम ६४ खाली वाढीव मोबदल्यासाठी आम्ही सहा आठवड्यांच्या मुदतीत अर्ज दिला आहे. झाडांची नोंद असलेला सातबारा पुन्हा जोडला आहे. अर्ज मिळाल्यापासून तीस दिवसांच्या आत तो मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाकडे पाठवणं कायद्याने बंधनकारक आहे. ते तीस दिवस गेल्या सोमवारी संपले. परवा चौकशीला गेलो तर अर्ज न्यायालयीन बाबींच्या टेबलावर आहे असं कळलं. खिडकीशेजारचं टेबल, ज्याचा खालचा खण ओढताना अडकतो. त्या टेबलावर मी चार वर्षं बसलो होतो. खण थोडा वर उचलून ओढला तर उघडतो.

कळावे,

आपला,
एक सेवानिवृत्त अव्वल कारकून
तालुका देवगड